वेष साहेबाचा, वाणी घरची
(टॉम ऑल्टर यांच्या कारकिर्दीचे एक मूल्यमापन)

हिंदी चित्रपटसृष्टीत चरित्र अभिनेत्याला नेहमी दुसऱ्या पंक्तीत बसविले गेले आहे. नायकाच्या नावावर चित्रपट चालतो, नायिकेच्या नावावर गाणी चालतात. परंतु कथेला उभे राहण्यासाठी जी जमीन लागते, ती मात्र हीच मंडळी पुरवीत असतात. त्यांतही ज्याचा चेहरा येथला वाटत नाही, अशा अभिनेत्याची तऱ्हा आणखी वेगळी. त्याला पंक्तीत जागा मिळते, पण पान वाढताना यजमान दर वेळी विचारतो, 'पाहुणे, आपण कुठले?' टॉम ऑल्टर यांना हा प्रश्न सुमारे चार दशके विचारला गेला. २९ सप्टेंबर २०१७ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यांच्या नावावर तीनशेहून अधिक चित्रपट, अनेक दूरचित्रवाणी मालिका आणि मोठे रंगभूमीकार्य जमा आहे. या कारकिर्दीकडे ख्रिस्ती वाचकाने जरा बारकाईने पाहावे, असे मला वाटते. त्यात एका कलावंताची कथा आहे आणि आपल्याही घरची एक जुनी व्यथा आहे.

प्रथम वस्तुस्थिती ध्यानात घेऊ. ऑल्टर यांना सर्रास 'अमेरिकन अभिनेता' किंवा 'परदेशी कलाकार' म्हटले जाई. स्थलांतर त्यांच्या घराण्यात होते हे खरे. पण ते त्यांनी केलेले नव्हते. त्यांचे आजी-आजोबा १९१६ साली अमेरिकेतील ओहायो प्रांतातून मिशन कार्यासाठी मद्रासला उतरले आणि तेथून लाहोरला गेले. वडिलांचा जन्म सियालकोटचा. फाळणी झाली तेव्हा आजी-आजोबा पाकिस्तानात राहिले आणि आई-वडील भारतात आले; म्हणजे फाळणीने जी असंख्य कुटुंबे दुभंगली, त्यांत हे प्रेस्बिटेरियन मिशनरी कुटुंबही होते. टॉम यांचा जन्म १९५० साली मसुरीचा, शिक्षण तेथल्याच वुडस्टॉक शाळेतले. वडील ईशज्ञानाचे अध्यापक होते आणि घरी बायबल उर्दूतून वाचले जाई. ज्या मुलाने स्तोत्रे आणि दाखले उर्दूतून ऐकले, त्याला ही भाषा शिकावी लागली नाही. आपल्याकडच्या एखाद्या मुलाने रोझरीबरोबर मराठी आत्मसात करावी, तशी ती त्याला मिळाली.

अठराव्या वर्षी त्यांना शिक्षणासाठी अमेरिकेत येल विद्यापीठात पाठविण्यात आले. वर्षभरात ते परत आले. नंतर हरियाणातील जगाधरी येथे त्यांनी काही काळ शिक्षकाची नोकरी केली. तेथेच राजेश खन्ना यांचा 'आराधना' (१९६९) त्यांच्या पाहण्यात आला आणि नट व्हायचे हे वेड डोक्यात शिरले. ते वेड त्यांना आपल्या पुण्यात घेऊन आले. १९७२ ते १९७४ या काळात लॉ कॉलेज रस्त्यावरील फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, जुन्या 'प्रभात'च्या आवारात, रोशन तनेजा यांच्या हाताखाली त्यांनी अभिनयाचे रीतसर शिक्षण घेतले. नसीरुद्दीन शाह आणि बेंजामिन गिलानी हे त्यांचे त्या काळचे सोबती. पुढे या तिघांनी 'मॉट्ली' ही नाट्यसंस्था उभी केली आणि सॅम्युएल बेकेट यांच्या 'वेटिंग फॉर गोदो' या नाटकाने तिचा आरंभ केला. सांगायचा मुद्दा असा की, ऑल्टर हे रस्त्यावरून उचलून आणलेले गोरे तोंड नव्हते. ते शिकलेले नट होते.

हा मुद्दा महत्त्वाचा अशासाठी की, रस्त्यावरून उचललेली गोरी तोंडे हा हिंदी चित्रपटाचा नित्याचा व्यवहार होता. स्वातंत्र्यलढ्यावरचे चित्रपट निघत, त्यांत इंग्रज अधिकारी लागत, मेजवानीच्या प्रसंगात पाहुणे लागत. मग कुलाब्याच्या परिसरातून भटकंतीवर आलेले परदेशी प्रवासी गोळा केले जात. त्यांच्या तोंडी संवाद घालायचा झाल्यास त्याची एक ठरीव भाषा होती. 'तुम'चे 'टुम' करायचे, क्रियापदाचे हातपाय मोडायचे, आवाज चढवायचा आणि टेबलावर मूठ आपटायची. की झाला साहेब तयार. त्या साहेबाला मन नसे, घर नसे, संशय नसे. तो पराभूत होण्यासाठीच पडद्यावर येई. प्रेक्षकांच्या टाळ्यांची सोय म्हणून तो ठीक होता. परंतु इतिहासाची ती विटंबना होती. ज्यांनी आपल्यावर दीडशे वर्षे राज्य केले, ते इतके मूर्ख असते तर त्यांना घालविण्यासाठी एवढा लढा कशाला लागला असता?

येथे बॉब क्रिस्टो यांचे उदाहरण घेण्याजोगे आहे, कारण ते खऱ्या अर्थाने स्थलांतरित होते. ऑस्ट्रेलियात जन्मलेले हे स्थापत्य अभियंते सत्तरच्या दशकात मुंबईस आले आणि येथेच रमले. २०११ साली बंगळूर येथे त्यांचे निधन झाले. टक्कल, धिप्पाड देह आणि नायकाच्या हातून मार खाण्याची अमर्याद तयारी, एवढ्या भांडवलावर त्यांनी मोठी कारकीर्द केली. 'मिस्टर इंडिया' (१९८७) या चित्रपटात अदृश्य नायकाच्या हातातली हनुमानाची मूर्ती त्यांना बडविते, तो प्रसंग आजही लोक आठवून हसतात. क्रिस्टो यांच्याविषयी मला आदरच आहे. त्यांनी आपले काम चोख केले. पण त्यांच्याकडून चित्रपटसृष्टीने मागितला तो फक्त देह. भाषा मागितली नाही, मन तर नाहीच. जो बाहेरून आला त्याच्याकडून एवढेच मागितले, हे एक वेळ समजू शकते. जो येथेच जन्मला, वाढला आणि शिकला, त्याच्याकडूनही बहुतांशी तेवढेच मागितले गेले, ही खरी तक्रार आहे.

'बहुतांशी' हा शब्द मी जाणीवपूर्वक वापरला आहे. कारण अपवाद आहे आणि तो अत्यंत मोलाचा आहे. सत्यजित राय यांचा 'शतरंज के खिलाडी' (१९७७) हा प्रेमचंदांच्या कथेवर आधारलेला चित्रपट १८५६ साली इंग्रजांनी अवध संस्थान कसे गिळंकृत केले ते सांगतो. त्यात ऑल्टर कॅप्टन वेस्टन आहेत आणि रिचर्ड अॅटनबरो हे जनरल औट्रम. रेसिडेन्सीच्या खोलीतील त्यांच्या संभाषणाचा प्रसंग अभ्यासावा असा आहे. औट्रम यांना राजा वाजिद अली शाह याची दिनचर्या विचित्र वाटते. हा राजा पाच वेळा नमाज पढतो आणि नाचतोही, पतंग उडवितो आणि कविताही करतो. मग हा राजा तरी कसला? राजाची एखादी कविता येते का, असे विचारल्यावर वेस्टन उर्दूतून ती म्हणून दाखवितात. त्या क्षणी ऑल्टर यांच्या चेहऱ्यावर जे घडते ते थोर अभिनयाचे लक्षण आहे. शब्द ओठांवर येताच त्या लष्करी माणसाचा चेहरा उजळतो. लगेच त्याला भान येते की समोर वरिष्ठ बसला आहे, आणि उजळलेला चेहरा तो आवरून घेतो. भाषांतर सांगितल्यावर वरिष्ठाला त्यात काहीच दिसत नाही. वेस्टन यांना तर ठाऊक असते की, जे सुंदर होते ते भाषांतरात गळून पडले आहे.

हा प्रसंग काही मिनिटांचाच. पण राय यांनी त्यात जे ओळखले, ते इतर दिग्दर्शकांना पुढे चाळीस वर्षे क्वचितच ओळखता आले. या नटाचे खरे नाट्य त्याच्या गोऱ्या कातडीत नाही. ते कातडी आणि वाणी यांमधील अंतरात आहे. दोन निष्ठांच्या मधोमध उभा असलेला, ज्याच्यावर राज्य करायचे त्याच्यावरच मनातून प्रेम करणारा माणूस त्यांनी त्या भूमिकेत दाखविला. एरवी अशी माणसे इतिहासाच्या पुस्तकांत सापडत नाहीत.

प्रभू येशूला अटक झाल्यावरचा, प्रमुख याजकाच्या वाड्यातील प्रसंग येथे आठवतो. पेत्र अंगणात उभा राहून येशूला ओळखत नसल्याचे सांगतो. पण त्याच्या बोलण्यावरून लोक त्याला हेरतात, हा गालीलकर आहे म्हणून. पेत्राचा चेहरा त्याला लपवू शकला असता, वाणीने त्याला उघडे पाडले. ऑल्टर यांच्या बाबतीत उलटे घडले. त्यांची वाणी ओरडून सांगत होती की हा माणूस येथलाच. पण लोकांनी कान झाकून घेतले आणि डोळ्यांवर विश्वास ठेवला.

याचा सर्वांत मासलेवाईक पुरावा म्हणजे 'जबान संभालके' ही १९९३ साली सुरू झालेली दूरदर्शन मालिका. एका ब्रिटिश विनोदी मालिकेवर ती बेतलेली होती. पंकज कपूर हे हिंदीचे शिक्षक आणि त्यांच्यापुढे देशोदेशीचे आणि प्रांतोप्रांतीचे विद्यार्थी. शुभा खोटे आणि विजू खोटे ही आपली मराठी भावंडेही त्यात होती. ऑल्टर यांना भूमिका मिळाली ती हिंदी शिकू पाहणाऱ्या ब्रिटिश लेखकाची. म्हणजे त्या वर्गात बसलेल्या नटांत ज्याची उर्दू-हिंदी अव्वल दर्जाची, त्यालाच ती न येण्याचे सोंग वठवावे लागले! ते त्यांनी उत्तम वठविले, हे नि:संशय. चुकीचे बोलण्यासाठी बरोबर काय ते पक्के ठाऊक असावे लागते, आणि त्यांच्या चुका नेमक्या जागी पडत. प्रेक्षक मनमुराद हसले. परंतु त्या हसण्यामागे किती मोठा विरोधाभास दडला होता, हे किती जणांच्या ध्यानी आले असेल?

त्याच दशकात 'जुनून' या दीर्घकाळ चाललेल्या मालिकेत त्यांनी केशव कलसी हा खलनायक रंगविला. नाव केशव, चेहरा गोरा, आणि तरीही घराघरांत तो स्वीकारला गेला. त्याआधी विधू विनोद चोप्रा यांच्या 'परिंदा' (१९८९) मध्ये नाना पाटेकर यांच्या अण्णापुढे ते मुसा या टोळीप्रमुखाच्या भूमिकेत उभे होते. या दोन भूमिकांतून एक गोष्ट सिद्ध होते: प्रेक्षकाला अडचण नव्हती. नट समर्थ असेल तर प्रेक्षक नावाचा आणि रंगाचा हिशेब मागत नाही. अडचण होती ती भूमिका वाटणाऱ्यांच्या कल्पनाशक्तीची. त्यांच्या खणात गोऱ्या माणसासाठी दोनच कपडे होते: एक लष्करी गणवेश आणि दुसरा तस्कराचा कोट.

आपल्या वाचकांनी आणखी एक तिसरा कपडा ध्यानात घ्यावा, कारण तो आपल्या अंगावर चढविला जातो. 'आशिकी' (१९९०) मध्ये ऑल्टर हे आर्नी कॅम्पबेल, मुलींच्या वसतिगृहाचे जुलमी चालक. गोरा, ख्रिस्ती आणि क्रूर, ही तीन विशेषणे तेथे एकाच माणसात सहज एकत्र केली गेली. हिंदी पडद्यावरील ख्रिस्ती माणूस पाहा: तो दारूचा गुत्ता चालवितो, ती रात्रीच्या क्लबात नाचते, आणि फादर असतील तर मेणबत्त्यांच्या उजेडात दोन वाक्ये बोलून अदृश्य होतात. 'अमर अकबर अँथनी' (१९७७) आपण सर्वांनी आवडीने पाहिला. पण त्यातल्या अँथनीचा धंदा कोणता होता, हेही आठवून पाहावे. शेतात राबणारा श्रीरामपूरचा, शाळेत शिकविणारी जालन्याची, कारखान्यात पाळी करणारा पिंपरीचा ख्रिस्ती माणूस त्या पडद्यावर आलाच नाही. मराठी ख्रिस्ती हा जणू असूच शकत नाही, असा त्या पडद्याचा समज आहे. ऑल्टर यांच्यावर जो अन्याय झाला तो त्यांच्यापुरता नव्हता. 'ख्रिस्ती म्हणजे परका' या एकाच समजुतीच्या झाडाला आलेली ही फळे आहेत.

पडद्याने जे नाकारले ते ऑल्टर यांना रंगभूमीने दिले. सईद आलम यांनी लिहिलेल्या आणि दिग्दर्शित केलेल्या 'मौलाना आझाद' या एकपात्री नाटकात ते दोन तासांहून अधिक वेळ एकटे रंगमंचावर असत. दाढी, टोपी, शेरवानी आणि अस्खलित उर्दू. पुढे श्याम बेनेगल यांच्या 'संविधान' (२०१४) या मालिकेत सचिन खेडेकर डॉ. आंबेडकर झाले, तेव्हा मौलानांची भूमिका पुन्हा ऑल्टर यांच्याकडेच आली. रंगभूमीवर ते मिर्झा गालिब झाले, आणि इंग्रजांनी पदच्युत करून रंगूनला धाडलेला अखेरचा मोगल बादशहा बहादूरशाह जफर झाले. ज्याला पडद्यावर आयुष्यभर जेत्याचा गणवेश चढविला, त्याने रंगमंचावर जिंकल्या गेलेल्याची व्यथा मांडली. येथे वाणीला वाव होता, आणि वाणी त्यांची स्वतःची होती. १९९३ सालच्या केतन मेहता यांच्या 'सरदार' चित्रपटात ते माउंटबॅटन झाले होते, आणि गिलानी नेहरू. म्हणजे फाळणीचा निर्णय पुढे रेटणारा व्हाइसरॉय आणि तिला विरोध करणारे मौलाना, हे दोन्ही टोकांचे पुरुष एकाच नटाने उभे केले. फाळणीने ज्याच्या स्वतःच्या घराचे दोन तुकडे केले, त्यानेच ते केले, हे विशेष.

समीक्षकाने केवळ गौरव करून भागत नाही. ऑल्टर यांनी फार कामे स्वीकारली. तीनशेहून अधिक चित्रपटांत अशा कितीतरी भूमिका आहेत की ज्या त्यांनी नाकारल्या असत्या तर कलेचे काही बिघडले नसते. एका दृश्यापुरता साहेब, एका दृश्यापुरता डॉक्टर, एका दृश्यापुरता तस्कर; या गर्दीत वेस्टनसारखी भूमिका हरवून जाते. काही ठिकाणी त्यांच्या आवाजातील भारदस्तपणा सवयीचा होऊन बसला होता, हेही कबूल करावे लागेल. चरित्र अभिनेत्याला घर चालवायचे असते, आणि त्याच्यासाठी कोणी पटकथा लिहीत बसत नाही, हे उत्तर खरे आहे. पण ते पुरेसे नाही. याउलट त्यांच्या बाजूने एक गोष्ट मांडता येते: छोटे काम त्यांनी छोटे मानून केले नाही. मुलांच्या 'शक्तिमान' मालिकेतील महागुरू असो वा आसामी भाषेतील 'अदाज्य' (१९९६) हा गंभीर चित्रपट असो, पाठांतर चोख, उच्चार स्वच्छ. क्रिकेटवर त्यांनी प्रेमाने लिहिले. सचिन तेंडुलकर पंधरा वर्षांचा शाळकरी मुलगा असताना त्याची चित्रफितीवरील मुलाखत घेणारे तेच. २००८ साली शासनाने त्यांना पद्मश्री दिली. दिलीप कुमार यांना त्यांनी एकदा अभिनयाचे रहस्य विचारले असता, त्यांनी शेरोशायरीकडे बोट दाखविले, अशी आठवण ते स्वतः सांगत. त्याचा अर्थ त्यांनी नेमका घेतला. नटाचे मूळ भांडवल भाषा हेच आहे.

आता आपल्याकडे वळू. भाषेच्या वाटेने या देशाचे झालेल्या परदेशी माणसांची परंपरा कॅथोलिक वाचकाला नवी नाही. इंग्लंडात जन्मलेले जेज्वीट फादर थॉमस स्टीफन्स १५७९ साली गोव्यास आले आणि त्यांनी सुमारे अकरा हजार ओव्यांचे 'क्रिस्तपुराण' मराठीत रचले. १६१६ साली ते छापून निघाले. बेल्जियमचे फादर कामिल बुल्के यांनी रामकथेवर संशोधन केले आणि इंग्रजी-हिंदी कोश रचला; १९७४ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. जर्मनीहून आलेल्या फादर मॅथ्यू लेडर्ले यांनी पुण्यात शनिवार पेठेत 'स्नेहसदन' उभारून मराठी विचारविश्वाशी संवाद साधला. पण या तिघांत आणि ऑल्टर यांच्यात एक मूलभूत फरक आहे. त्यांनी भाषा साधनेने मिळविली. ऑल्टर यांना ती जन्माने मिळाली. म्हणून 'तुमची हिंदी किती छान!' ही दाद फादर बुल्के यांना शोभते. ऑल्टर यांना दिली की ती स्तुती राहत नाही; ती दार लावून घेण्याची एक सभ्य रीत होते. आपल्या घरच्या माणसाला 'तुम्हाला आपली भाषा छान येते' असे कोणी म्हणते का?

हाच प्रश्न पिंपळे सौदागरच्या रस्त्यावर उभा आहे. पवनेच्या काठचे हे शेतकऱ्यांचे गाव आज हिंजवडीला जाणाऱ्या नोकरदारांच्या इमारतींनी भरले आहे. गावाच्या पाटीवरचा 'सौदागर' हा शब्दच मुळात फारसी; त्याला आज कोणी परका म्हणत नाही. १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना पिंपरीत आला, तेव्हापासून या पट्ट्यात माणसे येतच आहेत. आपल्या परिसरातील रविवारच्या मिस्सेला नगर-संगमनेरचे कुटुंब असते, त्याच्या शेजारी केरळचे, मागे तमिळनाडूचे, पलीकडे गोव्याचे आणि वसईचे. मराठी ख्रिस्ती माणसाला बाहेर कोणी 'तुमचा धर्म कुठल्या देशातला?' असे विचारतो तेव्हा तो दुखावतो, आणि ते योग्यच आहे. पण तोच माणूस मंदिराच्या आवारात, येथेच जन्मलेल्या आणि येथल्याच शाळेत मराठी शिकलेल्या मल्याळी मुलीला 'अरे वा, किती छान मराठी बोलतेस!' असे म्हणतो, तेव्हा तो नकळत तेच दार लावून घेत असतो. उलट, येथे वीस वर्षे राहूनही मराठी मिस्सेला 'ती त्यांची' म्हणून टाळणाऱ्या कुटुंबानेही विचार करावा. दार दोन्ही बाजूंनी लागते.

पवित्र शास्त्राची भूमिका या बाबतीत संदिग्ध नाही. मिसरात तुम्हीही परके होता याची आठवण ठेवून परक्याशी वागा, असे इस्राएलला पुन्हा पुन्हा बजावले गेले. मत्तयाने येशूची वंशावळ दिली, तेव्हा त्यात मवाबी रूथचे नाव वगळले नाही. पेन्टेकॉस्टच्या दिवशी पवित्र आत्म्याने सर्वांना एक भाषा बोलायला लावले नाही. प्रत्येकाला आपापल्या भाषेत ऐकू येईल असे केले. ऐकण्याचे दान हे बोलण्याच्या दानाइतकेच मोठे आहे, हा त्याचा अर्थ.

ऑल्टर यांच्यापाशी बोलण्याचे दान भरपूर होते. उणीव होती ती ऐकणाऱ्यांची. सत्यजित राय यांनी कान दिला आणि कॅप्टन वेस्टन जन्मला. इतरांनी फक्त पाहिले आणि साहेबाचा गणवेश तेवढा भरला गेला. त्यांचे चित्रपट आज सहज पाहायला मिळतात. युवक मंडळाने एखाद्या संध्याकाळी 'शतरंज के खिलाडी' लावावा, आणि तो रेसिडेन्सीचा प्रसंग आला की पहिल्या खेपेस डोळे मिटून फक्त ऐकावा. मग दुसऱ्यांदा डोळे उघडून पाहावा. आपण माणसांना कशावरून ओळखतो, याचे उत्तर त्या दोन खेपांत प्रत्येकाला आपापल्यापुरते मिळेल.